घराचा सांगाडा आणि बाहेरची बाजू: झाकायच्या आधी बघून घ्या

कोल्हापुरात कुणी घर बांधायला काढलं की पहिली चर्चा रेटची होतीय. स्क्वेअर फुटाला काय पडतंय, लेबर रेटनं द्यायचं का विथ मटेरियल, सळई कुठली, सिमेंट कुठलं. मग पुढचे सगळे महिने डोकं फरशी, किचन ट्रॉली आणि मेन डोअरच्या डिझाइनमध्ये अडकतंय. मधला जो खरा जड भाग, म्हणजे पाया, कॉलम, बीम, स्लॅब, बाहेरच्या भिंती, बाहेरचं प्लास्टर आणि गच्ची, तो मिस्त्रींच्या भरवशावर होऊन जातोय. फरशी नाही आवडली तर दहा वर्षांनी बदलता येते, कॉलममधली सळई कुणाला बदलता येत नाही.

मी साइटवरचा माणूस आहे, त्यामुळं सगळं साइटच्या भाषेत सांगतो. बांधकामात प्रत्येक काम मागचं काम झाकत जातं. फुटिंग, म्हणजे कॉलमखालचा रुंद पाया, मातीनं झाकतंय, सळई काँक्रीटनं, वीट प्लास्टरनं, वॉटरप्रूफिंग गच्चीच्या कोब्यानं, म्हणजे वर घातलेल्या विटांचे तुकडे आणि सिमेंटच्या थरानं. एकदा झाकलं की आत काय आहे ते तुम्हालाही दिसत नाही आणि मलाही दिसत नाही, मग फक्त पाऊस आणि वर्षं सांगणार. म्हणून मालकानं इंजिनिअरिंग शिकायची गरज नाही, पण झाकायच्या आधीचे सहा-सात क्षण कुठले ते माहीत पाहिजेत, आणि त्या प्रत्येक क्षणी काम थांबवून आपल्या इंजिनिअरकडनं तपासून घ्यायचं धाडस पाहिजे. धाडस म्हणतो कारण मिक्सर आलाय, पंचवीस माणसं उभी आहेत, ठेकेदार म्हणतोय "मालक, आता कशाला थांबवताय", अशा वेळी "थांबा" म्हणणं सोपं नसतंय.

आधी कोण काय करतं ते नीट समजून घ्या, कारण निम्मे घोळ इथंच होतात. आर्किटेक्ट प्लॅन आणि एलेव्हेशन, म्हणजे घर बाहेरनं कसं दिसणार ते, देतो. आरसीसी म्हणजे सळई घातलेलं काँक्रीट, आणि आरसीसी कन्सल्टंट म्हणजे स्ट्रक्चरल इंजिनिअर, तो कॉलम-बीम किती मोठे, सळई किती आणि कुठं, हे ठरवतो. ठेकेदार काम घेतो, पण त्याच्या हाताखाली सेंट्रिंगवाले, म्हणजे काँक्रीट ओतायच्या फळ्या आणि टेकू लावणारे, वेगळे, सळई बांधणारे फिटर वेगळे, गवंडी वेगळे, बिगारी वेगळे. यातलं कुणीच पूर्ण घराला जबाबदार नसतं, प्रत्येकजण आपापल्या तुकड्याला. आर्किटेक्ट आठवड्यातनं एकदा येणार, आरसीसीवाला बोलावलं तर येणार, आणि दिवसभर साइटवर असणार ते लेबर. म्हणून आरसीसी कन्सल्टंटशी फी ठरवतानाच लिहून घ्या की फुटिंगची सळई, कॉलम, प्लिंथ बीम (जोत्याच्या उंचीवरचा) आणि प्रत्येक स्लॅब, काँक्रीट पडायच्या आधी तो स्वतः येऊन बघेल आणि वहीत सही करेल. व्हिजिटचे पैसे वेगळे लागले तर द्या. अख्ख्या घराच्या खर्चात ते कुठल्या कुठं बसून जातात.

आणि ड्रॉइंगची प्रिंट काढून साइटवर ठेवा, मोबाइलवरचा फोटो चालणार नाही. व्हॉट्सॲपवर ड्रॉइंगचे तीन-तीन व्हर्जन फिरत असतात आणि फिटर जुन्याच फोटोवरनं सळई कापतोय हे मी लई ठिकाणी बघितलंय. ड्रॉइंगवर तारीख आणि रिव्हिजन नंबर असतो, नवीन आलं की जुनं फाडून टाका. तुम्हाला बाल्कनी दोन फूट पुढं घ्यायची असेल, जिना फिरवायचा असेल, पोर्चमधला कॉलम नको असेल, तर हे सगळं फुटिंग खोदायच्या आधी बोला. कॉलम वर आल्यावर बदल करायचा म्हणजे मग कुठंतरी बीमवरनंच नवीन कॉलम उभा करायची वेळ येते, आणि असा अधांतरी कॉलम भूकंपात सगळ्यात आधी त्रास देतोय.

जमीन आणि पाया

कोल्हापूरची जमीन एकसारखी नाही. आर. के. नगर, मोरेवाडी, पाचगावच्या बाजूला उंचावर मुरूम आणि खडक लवकर लागतोय. पंचगंगेच्या काठाकडं, बावडा, शिंगणापूर, वडणगे अशा पट्ट्यात काळी माती. काळी माती पाण्यानं फुगते आणि उन्हाळ्यात आकसते, भेगा तर तुम्ही शेतात बघितल्याच असतील. तिच्यावर थेट फुटिंग टेकवलं तर दरवर्षी घर थोडं वर, थोडं खाली, आणि मग भिंतीला तिरक्या चिरा. त्यामुळं काळी माती पूर्ण ओलांडून खाली मुरमापर्यंत जायचं, आणि थर फारच खोल असेल तर इंजिनिअर अंडर-रीम पाइल सुचवेल, म्हणजे तळाशी फुगवटा असलेले खोल खांब. शेजाऱ्यानं पाच फुटांवर फुटिंग घेतलं म्हणून आपणही पाच फुटांवर थांबायचं असं करू नका, पन्नास फुटांत जमीन बदलते. खड्डे खोदून झाले की इंजिनिअरला तळ दाखवायचा आणि मगच पीसीसी, म्हणजे बिनसळईच्या काँक्रीटचा थर, टाकायची. हा झाकायच्या आधीचा पहिला क्षण. काळ्या मातीतला खोल खड्डा कडेनं ढासळतो, त्यामुळं आत माणूस उतरवताना कडा तिरक्या कापलेल्या पाहिजेत आणि माती काठावर रचून ठेवायची नाही, हेही बघा.

जोत्याचा भराव हा दुसरा चोरटा प्रकार. खोदलेलीच काळी माती परत आत ढकलून वरनं मुरमाचा पातळ थर दिला की बघणाऱ्याला सगळं छान दिसतंय, दोन वर्षांनी फरशी मधनं खचती. भराव मुरमाचाच, तोही सहा-आठ इंचांच्या थरात, प्रत्येक थर पाणी मारून धुम्मस करून, म्हणजे ठोकून घट्ट दाबून. एकदम तीन फूट भरून वरनं पाणी सोडलं तर खालचं पोकळच राहतं.

नदीकाठच्या बाजूला प्लॉट असेल तर पूररेषा बघितल्याशिवाय काहीच करू नका. निळी रेषा म्हणजे साधारण २५ वर्षांतनं एकदा येणाऱ्या पुराची, लाल रेषा १०० वर्षांतनं एकदा येणाऱ्या पुराची. पंचगंगेवरच्या राजाराम बंधाऱ्यावर ३९ फूट ही इशारा पातळी आणि ४३ फूट ही धोका पातळी, आणि २०१९ आणि २०२१ ला पाणी ५५ फुटांच्या वर गेलेलं आपण सगळ्यांनी बघितलंय. त्यामुळं जोतं किती उंच हे रस्त्याकडं बघून न ठरवता तुमच्या गल्लीत २०१९ ला पाणी कुठवर आलं होतं ते शेजाऱ्यांना विचारून, आणि महापालिकेच्या किंवा प्राधिकरणाच्या परवानगीत काय अट आहे ते वाचून ठरवा. जोत्यापर्यंत काम आलं की जोते तपासणी करून घ्यायची, ती राहिली तर पुढं भोगवटा प्रमाणपत्राच्या वेळी अडतंय.

सांगाडा

आपल्याकडं आता घरं आरसीसी फ्रेमची होतात, म्हणजे वजन कॉलम-बीम उचलतात आणि विटांची भिंत फक्त आडोसा. जुन्या पेठेतल्या घरात जाड भिंती आणि लाकडी खांब वजन घ्यायचे. फ्रेममध्ये भिंत पाडली तर घर पडत नाही, पण एक कॉलम कच्चा निघाला तर अख्खं घर अडचणीत.

भूकंपाचं नाव काढलं की लोक म्हणतात इथं कुठं भूकंप. भावा, कोयना किती लांब आहे? १९६७ च्या डिसेंबरमध्ये कोयनेला साडेसहाच्या आसपासचा भूकंप झाला, आणि भूकंपाच्या २०१६ च्या सरकारी मानकात कोल्हापूर झोन ३ मध्ये, म्हणजे मध्यम धोक्याच्या पट्ट्यात, धरलेलं होतं. भूकंपात घर टिकतंय का पडतंय हे बऱ्याच अंशी एका साध्या गोष्टीवर ठरतं, ती म्हणजे कॉलमची रिंग. कॉलममध्ये उभ्या सळ्या असतात आणि त्यांना ठराविक अंतरावर चौकोनी रिंगा घातलेल्या असतात. घर हलायला लागलं की उभ्या सळ्या बाहेर फुगायला बघतात आणि रिंगा त्यांना धरून ठेवतात. आता रिंगेचं टोक कसं वाकवलंय ते जवळ जाऊन बघा. काटकोनात, म्हणजे ९० अंशात वाकवलेलं टोक काँक्रीटच्या बाहेरच्या थरात राहतं, तो थर उडाला की रिंग उघडते. टोक १३५ अंशात वाकवून कॉलमच्या पोटात घुसवलेलं पाहिजे, आणि पुढं कमीत कमी ६५ मिलिमीटर, म्हणजे अडीच इंच तरी शिल्लक पाहिजे. फिटरला हे माहीत असतं, पण आत घुसवायला हात जास्त चालवावा लागतो म्हणून टाळतात. रिंगा सगळीकडं सारख्या अंतरावर नसतात, कॉलम जिथं बीमला मिळतो तिथं वर-खाली दाट, साधारण चार इंचावर, मध्ये जरा विरळ. आणि जिथं बीम-कॉलम एकमेकांत घुसतात त्या सांध्यात रिंगा घालायला जागा कमी म्हणून तिथं सरळ गाळतात, नेमकी तिथंच सगळ्यात जास्त गरज असते. कॉलमच्या सळईचा जोडसुद्धा स्लॅबच्या अगदी वर न घेता मजल्याच्या मधल्या उंचीत घ्यावा, आणि सगळ्या सळ्यांचे जोड एकाच पातळीवर नकोत.

खाली पार्किंग मोकळं आणि वर भिंतींनी भरलेले दोन मजले अशी घरं आता सगळीकडं दिसतात. मोकळा मजला भूकंपात कमजोर पडतो, तिथले कॉलम मोठे आणि रिंगा दाट लागतात, तेव्हा पार्किंगचा विचार सुरुवातीलाच आरसीसीवाल्याला सांगा.

सळई आली की वजन करून घ्या. हिशोब सोपा आहे, डायाचा, म्हणजे सळईच्या मिलिमीटरमधल्या जाडीचा, वर्ग भागिले १६२ म्हणजे मीटरला किती किलो ते कळतं. ८ मिलिमीटरची मीटरला ०.३९५ किलो, १० ची ०.६१७, १२ ची ०.८८८, १६ ची १.५८. बारा मीटरची १२ नंबरची एक सळई साडेदहा किलोच्या थोडी वर भरली पाहिजे. थोडं इकडंतिकडं चालतंय, पण रोजच हलकी भरत असेल तर त्या मालाला परत पाठवा. टनावर घेताय का नगावर घेताय यावरही फसवणूक होते, हलकी सळई नगावर घेतली तर तुमचा तोटा आणि घराचाही.

सळई आणि फळीमधलं अंतर म्हणजे कव्हर. हे कमी पडलं की दमट हवा आणि पाणी सळईपर्यंत पोचतं, सळई गंजते, गंजल्यावर फुगते आणि काँक्रीट फोडून बाहेर येते. जुन्या घरांच्या छज्जाखाली पापुद्रे सुटून गंजकी सळई लोंबलेली दिसते ना, ते बऱ्याच वेळा याचमुळं. फुटिंगला ५०, कॉलमला ४०, बीमला २५, स्लॅबला २० मिलिमीटर हा साइटवर चालणारा अंदाज, तुमच्या ड्रॉइंगवर जो आकडा असेल तो खरा. त्यासाठी तयार कव्हर ब्लॉक मिळतात, स्वस्त असतात. खडीचा तुकडा किंवा फरशीची चीप सरकवून काम भागवू देऊ नका, काँक्रीट ओततानाच ती घसरते.

स्लॅबचा दिवस

स्लॅबच्या दिवशी आपल्याकडं घरात सणासारखं वातावरण असतं. नारळ फोडायचा, पाहुणे येणार, संध्याकाळी लेबरला मटणाचं जेवण, तांबडा-पांढरा. सगळं करा, चांगलंच आहे, पण तपासणी आदल्या दिवशीच संपवा. त्या दिवशी सकाळी इंजिनिअरनं चूक काढली तर दुरुस्त करायला वेळच नसतो.

आदल्या दिवशी इंजिनिअर सळई बघेल, तेव्हा तुम्ही टेकू बघा. सेंट्रिंगचे टेकू ओल्या मातीवर उभे केलेत का, खाली पक्की फळी आहे का, आडवे बांधलेत का. फळ्यांच्या फटी बुजवल्यात का, नाहीतर सिमेंटचं दूध गळून जातं आणि खडी उघडी पडते. इलेक्ट्रिशियनचे पाईप, पंख्याचे बॉक्स, बाथरूमचा खाली उतरवलेला भाग, प्लंबिंगसाठी बीममधनं जाणारे पाईपचे तुकडे, हे सगळं बसलंय का. पुढं प्लंबरनं बीम फोडून पाईप घातला की बीम गेला. आणि फोटो काढा, टेप ठेवून काढा, म्हणजे कुठल्या भिंतीपासनं किती फुटांवर पाईप आहे ते दहा वर्षांनी ड्रिल मारतानाही कळेल.

बाल्कनी आणि छज्जा याबद्दल थोडं जास्त सांगतो, कारण इथं जीव जातात. साध्या स्लॅबला मुख्य सळई खालच्या बाजूला असते. बाल्कनी मात्र एका बाजूनं अधांतरी. हात पुढं ताठ करून भरलेली बादली धरली तर ताण खांद्याच्या वरच्या बाजूला येतो, तसंच बाल्कनीत ताण वरच्या बाजूला येतो, म्हणून मुख्य सळई वर असते आणि ती आत स्लॅबमध्ये लांबवर गेलेली असते. काँक्रीट टाकताना माणसं घमेली घेऊन त्याच सळईवरनं चालतात, सळई दबून खाली बसते, आणि काँक्रीट झाल्यावर ते कुणाला दिसत नाही. वरची सळई वरच राहावी म्हणून खाली सळईच्याच खुर्च्या ठेवायच्या असतात, आणि चालायला वेगळ्या फळ्या टाकायच्या. स्लॅबच्या दिवशी तुम्हाला एकाच ठिकाणी उभं राहायचं असेल तर बाल्कनीपाशी उभे राहा.

दुसरी गोष्ट पाणी. मिक्सरवाला काँक्रीट पातळ करतो कारण पातळ माल पटकन पसरतो, लेबरला सोपं जातं. एका ५० किलोच्या पोत्याला साधारण २५ ते २७ लिटर पाणी पुरतं, वाळू ओली असेल तर अजून कमी. जास्तीचं पाणी नंतर उडून जातं आणि त्याच्या जागी बारीक पोकळ्या राहतात, ताकद कमी आणि गळतीला वाट. माल जास्त पातळ न करता व्हायब्रेटर, म्हणजे काँक्रीट हलवून घट्ट बसवणारं यंत्र, नीट चालवायचा, आणि साइटवर दोन व्हायब्रेटर ठेवायचे, एक बंद पडतोच. आरएमसीचा, म्हणजे प्लांटवर तयार केलेल्या काँक्रीटचा, ट्रक मागवला असेल तर पावतीवर ग्रेड आणि प्लांटवरनं निघालेली वेळ बघा, पाणी मिसळल्यापासनं दोन तासांत माल रिकामा झाला पाहिजे, आणि ट्रकमध्ये वरनं पाणी घालू देऊ नका. क्यूब भरून घ्या, १५० मिलिमीटरचे ठोकळे असतात, इंजिनिअरिंग कॉलेजच्या लॅबमध्ये ७ आणि २८ दिवसांनी फोडून ताकद सांगतात. ग्रेड म्हणजे काँक्रीटच्या ताकदीचा दर्जा; आरसीसीला एम २० पेक्षा कमी ग्रेड चालत नाही, बऱ्याच घरांना आता एम २५ देतात.

पाऊस आला किंवा मिक्सर बंद पडला आणि काम मध्येच थांबवायची वेळ आली तर कुठं थांबायचं हे इंजिनिअरला आधीच विचारून ठेवा. कॉलमला लागून, बाल्कनीच्या तोंडाशी, असं कुठंही थांबायचं नाही.

दुसऱ्या दिवसापासनं पाणी. सिमेंटचे छोटे बांध घालून स्लॅबवर पाणी साठवायचं, कॉलमला ओली पोती गुंडाळायची. साध्या ओपीसी सिमेंटला कमीत कमी ७ दिवस, आपण जे पीपीसी, म्हणजे राख मिसळलेलं सिमेंट, वापरतो त्याला १० दिवस, आणि मार्च-एप्रिलच्या उन्हात १४ दिवस मारलं तर उत्तम. सेंट्रिंगवाल्याला फळ्या दुसऱ्या साइटवर न्यायची घाई असते. टेकू काढायचे दिवस आयएस ४५६ या काँक्रीटच्या भारतीय मानकात दिलेत: १५ फुटांपर्यंतच्या स्लॅबचे टेकू ७ दिवस, त्यापेक्षा मोठ्याचे १४, २० फुटांपर्यंतच्या बीमचे १४, त्यापुढं २१. हे ओपीसीचे आकडे, पीपीसी असेल तर अजून थांबा. बाल्कनीचे टेकू सगळ्यात शेवटी, तेही बाहेरच्या टोकापासनं आत काढत यायचं. वरच्या मजल्याची सेंट्रिंग लागली असेल तर खालच्या स्लॅबला टेकू तसेच असू द्या, नवीन स्लॅबचं सगळं वजन खालच्यावर येतंय.

फळ्या उतरल्या की लगेच बघा, कुठं खडी उघडी दिसतीय का, सळई दिसतीय का. ठेकेदार पटकन सिमेंट लावून गुळगुळीत करायला बघतो. हात लावू द्यायचा नाही, इंजिनिअर बघेल, तो सांगेल कसं भरायचं. म्हणूनच स्लॅबचे पैसे दोन भागात द्यायचे ठरवा, काही काँक्रीट झाल्यावर आणि उरलेले फळ्या उतरून इंजिनिअरनं ओके दिल्यावर.

भिंती आणि बाहेरची बाजू

भिंत ओळंब्यात आहे का हे मिस्त्री बघतोच, तुम्ही फक्त चार गोष्टी बघा. लाल वीट वापरायच्या आधी पाण्यात बुडवलेली पाहिजे, बुडबुडे यायचे थांबेपर्यंत, नाहीतर ती मसाल्यातलं पाणी ओढून घेते. एएसी ब्लॉक, म्हणजे हलके सच्छिद्र काँक्रीटचे ब्लॉक, मात्र बुडवायचे नाहीत, नुसतं शिंपडायचं. एका दिवसात पाच फुटांच्या वर भिंत चढवायची नाही. आणि बीमच्या खाली शेवटचा थर लगेच ठासून भरायचा नाही, आठ-दहा दिवस भिंत बसू दे, मग भरा, नाहीतर तिथं आडवी चीर ठरलेली.

चिरांची दुसरी ठरलेली जागा म्हणजे भिंत आणि कॉलम जिथं मिळतात. दोन वेगळ्या वस्तू, ऊन-पावसात वेगळ्या फुगतात. प्लास्टरच्या आधी त्या जोडावर जाळी मारायची, दोन्ही बाजूला सहा-सहा इंच जाईल अशी, खिळ्यांनी ताणून. काँक्रीटच्या गुळगुळीत भागाला टाचे मारून, म्हणजे छिन्नीनं टोचून, खरबरीत करायचं. हे दोन्ही काम प्लास्टरखाली झाकलं जातंय, त्यामुळं बघायचा दिवस प्लास्टरच्या आदला.

कोल्हापूरचा पाऊस सरळ खाली पडत नाही. गगनबावड्याकडनं, पश्चिमेकडनं झड येते आणि जुलैमध्ये भिंत दिवसेंदिवस वाळत नाही. त्यामुळं पश्चिमेची आणि नैऋत्येची भिंत ही घराची खरी परीक्षा. माझं मत विचाराल तर बजेट कमी पडत असेल तर पुढच्या एलेव्हेशनच्या टाइल्स नंतर लावा, पण पश्चिमेच्या भिंतीला दोन कोटचं प्लास्टर आणि खिडकीवर मोठा छज्जा यात अजिबात काटकसर नको. आजकालच्या डिझाइनमध्ये छज्जाच काढून टाकतात, बॉक्ससारखं साफ दिसावं म्हणून. पुण्या-मुंबईतल्या फोटोवरनं घेतलेलं एलेव्हेशन इथल्या झडीला टिकत नाही, आर्किटेक्टला स्पष्ट सांगा की मला दोन फुटांचा छज्जा पाहिजे, तो दिसायला चांगला कसा करायचा ते तू बघ.

छज्जाच्या खालच्या कडेला एक खाच ठेवायची असते. पाणी छज्जावरनं वळून खालच्या पृष्ठभागावरनं भिंतीकडं यायला बघतं, खाचेपाशी त्याची वाट तुटते आणि ते थेंब होऊन खाली पडतं. प्लास्टर ओलं असताना एक पट्टी दाबून काढली की खाच झाली, काहीच खर्च नाही, पण गवंड्याला सांगितल्याशिवाय होत नाही. खिडकीच्या खालच्या ग्रॅनाइटचंही तसंच, बाहेरच्या बाजूला ढाळ, भिंतीच्या बाहेर इंचभर पुढं आणि खालनं खाच. ढाळ आतल्या बाजूला झाला तर दर पावसाळ्यात खिडकीखाली ओल धरणार, मग तुम्ही कितीही रंग मारा.

बाहेरचं प्लास्टर दोन कोटांचं. पहिला जाड, १२ ते १५ मिलिमीटर, त्यावर रेघा ओढून खरबरीत ठेवायचा आणि पाणी मारायचं, मग दुसरा ६ ते ८ मिलिमीटरचा. एकाच दिवशी एका कोटात इंचभर चढवून मोकळं होणारे लई आहेत. वाळू आता नदीची फारशी मिळत नाही, क्रश सँड, म्हणजे दगड फोडून केलेली वाळू, येते, त्यात भुकटी जास्त असली की प्लास्टरला बारीक जाळीसारख्या चिरा पडतात. प्लास्टरसाठी धुतलेली सँड वेगळी मिळते, तीच मागवा. ग्रिलचे होल, एसीच्या पाईपची भोकं, बाहेरच्या ड्रेनेज पाईपचे क्लॅम्प, दिव्यांचे पॉइंट हे सगळं प्लास्टरच्या आधी. पहाड, म्हणजे गवंड्यांनी उभं राहायला बांधलेला सांगाडा, उतरल्यावर फोडलेलं प्रत्येक भोक म्हणजे पाण्याला दिलेली वाट.

गच्चीला ब्रिकबॅट कोबा करताय का केमिकल कोटिंग, यावर लोक भांडत बसतात. दोन्ही चालतात, नीट केलं तर. कोब्याचं वजन बरंच असतं, ते आरसीसीवाल्याच्या हिशोबात धरलेलं पाहिजे. ढाळ शंभरात एक तरी पाहिजे, म्हणजे दहा फुटाला सव्वा इंच. गच्ची आणि कठडा मिळतात त्या कोपऱ्यात गोल वाटा, म्हणजे सिमेंटची गोलाई, करायचा. पाणी जायला एकच पाईप ठेवू नका, पालापाचोळा अडकला तर अख्ख्या गच्चीचं तळं होतं. वॉटरप्रूफिंग झालं की पाईप बंद करून पाणी भरा, दोन दिवस, म्हणजे पूर्ण ४८ तास ठेवा, आणि खालनं स्लॅबकडं बघा. गळलं तर आत्ताच कळू दे. कठड्याच्या वरच्या कडेचा ढाळ गच्चीकडं, बाहेर नको, नाहीतर भिंतीवर काळे ओघळ.

कॅलेंडर आणि पैसे

सगळ्याची घडी पावसावर बसवावी लागते. दसरा-दिवाळीच्या सुमारास खोदाई सुरू केली तर वर्षअखेरपर्यंत जोतं होतं, जानेवारी ते मार्चमध्ये स्लॅब, आणि एप्रिल-मेमध्ये बाहेरची बाजू. मेच्या मध्यापर्यंत गच्चीचं वॉटरप्रूफिंग आणि पश्चिमेचं प्लास्टर झालं पाहिजे. एप्रिलमध्ये वळीव येतोच, त्यामुळं प्लास्टिकचे ताडपत्री कागद साइटवर तयार ठेवा. वीटभट्ट्या पावसाळ्यात बंद असतात, तेव्हा विटा उन्हाळ्यातच उतरवून झाकून ठेवा. जूननंतर आतली कामं, वायरिंग, आतलं प्लास्टर, फरशी. बाहेरचा रंग मात्र पहिल्या पावसाळ्यानंतर मारा असं मी सांगतो, एक पावसाळा खाल्ला की कुठं चीर पडते ते दिसतं, ती भरून मग प्राइमर आणि रंग.

ठेकेदाराशी करार करताना स्क्वेअर फूट कशाचा मोजायचा ते लिहा. छज्जा धरायचा का, जिना किती, गच्चीचा कठडा, पाण्याची टाकी, कंपाउंड यात आहे का नाही. तोंडी ठरलेलं शेवटच्या बिलाला कुणालाच आठवत नाही. पैसे टप्प्याटप्प्यानं द्या आणि टप्पा म्हणजे काम झालं एवढंच नको, काम झालं आणि तपासलं असं लिहा. आणि साधारण पाच टक्के रक्कम पहिला पावसाळा पूर्ण होईपर्यंत हातात ठेवा, करारात आधीच लिहून. जुलैच्या मध्यात, झड चार दिवस लागून राहिली की प्रत्येक खोलीतल्या पश्चिमेच्या भिंतीवरनं, खिडकीच्या खालच्या कोपऱ्यावरनं आणि वरच्या मजल्याच्या छताच्या कडेवरनं हात फिरवून बघा, ओल लागली तिथं पेन्सिलीनं गोल करा, तारीख टाका, फोटो काढा आणि त्याच आठवड्यात ठेकेदाराला बोलावून दाखवा, कारण ऑक्टोबरमध्ये भिंत वाळल्यावर ओल कुठनं येत होती ते शोधणं अवघड होऊन बसतंय.